ग्रासमिअरचं राखाडी घोंगडं: एक हिवाळा वापरून

माळेगावच्या जत्रेत घोंगडं घ्यायचं तर आमचे दादा आधी भाव विचारत नसत. काठाचा एक धागा ओढून काढायचे आणि त्याला काडी लावायचे. केस जळाल्यासारखा वास आला, जाळ आपोआप विझला आणि राख बोटांत भुरभुरली, की मग विकणाऱ्याला म्हणायचे, "हं, बोल आता." धागा वितळून टोकाला मण्यासारखी कडक गाठ झाली, की घोंगडं तसंच परत. लहानपणी दरसाल ही परीक्षा मी बघितली आहे.

मागच्या मे महिन्यात इंग्लंडातल्या ग्रासमिअर नावाच्या तळ्याकाठच्या गावात मी लोकरीचं एक ब्लँकेट घेतलं. दुकानात धागा पेटवणं बरं दिसलं नसतं, म्हणून तो मुलीच्या घरी, मँचेस्टरला, शेगडीवर पेटवला. वास बरोबर, राख भुरभुरीत. अस्सल लोकर. आता एक अख्खा हिवाळा ते उदगीरला वापरून झालंय, त्यामुळं खात्रीनं लिहू शकतो. मुलं परदेशात असणारी बरीच मंडळी आपल्याकडं आहेत, त्यांना "येताना काय आणू" असा प्रश्न दरवेळी येतो, त्यांच्या उपयोगी पडेल.

मापं सांगून टाकतो. लांबी सहा फूट, रुंदी पाच फूट, वजन किराणा दुकानाच्या काट्यावर १ किलो ७०० ग्रॅम. किंमत ११० पौंड, म्हणजे आपले बारा हजारांच्या आसपास. रंग राखाडी आणि तो दिलेला नाही, मेंढीच्या अंगावर असतो तोच. उन्हात धरलं की त्यात तीन तऱ्हेचे केस वेगवेगळे दिसतात: काळसर बारीक, करडे मध्यम, आणि मधूनच जाड, पांढरे, ठिसूळ. हे पांढरे केस रंग धरत नाहीत आणि टोचतात तेही हेच. आपल्या दख्खनी मेंढीच्या लोकरीतही असे केस असतात, म्हणून हात फिरवल्याबरोबर मला ते ओळखीचं वाटलं. मेरिनोची मऊ शाल हातात घेतली की असं वाटत नाही.

मेंढीची जात हर्डविक. तळ्यांच्या त्या डोंगराळ मुलखाची, म्हणजे लेक डिस्ट्रिक्टची, ही स्वतःची जात. मी पशुसंवर्धन खात्यात ३१ वर्षं पशुधन पर्यवेक्षक होतो. उदगीर, देवणी, जळकोट या तालुक्यांत नोकरी झाली. घर धनगराचं. आजोबांची दोनशेवर मेंढरं होती, सुगी झाली की वाडा, म्हणजे कळप आणि बिऱ्हाड, घेऊन ते निजामाबादकडं उतरायचे. त्यामुळं इंग्लंडात जाऊन मी मेंढ्याच बघत बसलो, अशी माझ्या बायकोची तक्रार आहे. पण या ब्लँकेटबद्दल सांगायचं तर ते गाव आणि तो डोंगर सांगावाच लागतो. तिथं लोकर आणि डोंगर एकमेकांना बांधलेले आहेत.

मँचेस्टरहून विंडरमेअरपर्यंत आगगाडी आहे, पुढं रूळ नाहीत. तिथून ५५५ नंबरची बस धरली. मुलीनं सांगितलं, १८४४ मध्ये कवी वर्डस्वर्थनं या रेल्वेला वर्तमानपत्रातून पत्रं लिहून विरोध केला होता. रेल्वे १८४७ मध्ये विंडरमेअरला आली आणि तिथंच थांबली, ग्रासमिअरपर्यंत गेलीच नाही. बसच्या वरच्या मजल्यावर पुढची जागा मिळाली. डावीकडं आधी रायडलचं तळं, मग वळणावर ग्रासमिअरचं. लांबीला मैलभर, मध्ये एक छोटं हिरवं बेट. चारी बाजूंनी डोंगर असे उतरत आलेत की गाव परातीच्या तळाशी ठेवल्यासारखं दिसतं.

त्या बेटाची गोष्ट ऐकण्यासारखी आहे. १८९३ मध्ये ते खासगी मालकाला विकलं गेलं. लोकांच्या डोळ्यांसमोरची जागा अशी जाते, हे हार्डविक रॉन्सली नावाच्या पाद्रीबाबांना फार लागलं. १८९५ मध्ये नॅशनल ट्रस्ट ही संस्था स्थापन झाली, तिच्या तिघा संस्थापकांपैकी ते एक. पुढं उतारवयात ते ग्रासमिअरलाच राहायला आले. आणि बेट त्या ट्रस्टकडं आलं २०१७ साली, म्हणजे सव्वाशे वर्षांनी. त्याच २०१७ साली युनेस्कोनं अख्ख्या लेक डिस्ट्रिक्टला जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. तीही नुसत्या डोंगर-तळ्यांना दिलेली नाही. माणसानं मेंढरं चारून, भिंती घालून शतकानुशतकं घडवलेला प्रदेश म्हणून दिली आहे. वेरूळ-अजिंठ्याच्या शेजारी राहणाऱ्या माणसाला वारसा म्हटला की लेणं डोळ्यांसमोर येतं. चराऊ रान वारसा असू शकतं, हे मला तिथं पहिल्यांदा कळलं.

गाव लहान आहे. पाटीच्या दगडाची काळपट निळी घरं, छपरंही त्याच दगडाची. बायकोला आणि मुलीला वर्डस्वर्थचं घर बघायचं होतं. १७९९ च्या डिसेंबरपासून १८०८ पर्यंत तो बहिणीसोबत आणि पुढं बायको-लेकरांसोबत तिथं राहिला. घर बुटकं, खोल्या अंधाऱ्या. वरच्या एका खोलीच्या भिंतींना बहीण डोरोथीनं ऊब राहावी म्हणून वर्तमानपत्रं चिकटवली होती. आमच्या जुन्या घरात माळवदाची माती पडू नये म्हणून आई कागद चिकटवायची, ते आठवलं. खाली दूध-लोण्याच्या खोलीत फरशीखालून ओढ्याचं पाणी वाहतं, त्यानं खोली गार राहते. ही युक्ती मला फार आवडली.

तिथून सेंट ऑस्वाल्डचं चर्च. मागं नदीकाठी वर्डस्वर्थ घराण्याच्या साध्या दगडी समाध्या आहेत. चर्चच्या आत पूर्वी मातीची जमीन होती आणि तीवर दरसाल नवा लव्हाळा अंथरायचे. १८४१ मध्ये फरशी बसली, तरी लव्हाळा वाहून नेण्याचा सण अजून उन्हाळ्यात होतो; मुलं लव्हाळ्याच्या जुड्या घेऊन मिरवतात आणि त्यांना आल्याच्या वड्या मिळतात. "महापुरे झाडे जाती, तेथे लव्हाळे वाचती" म्हणणाऱ्या आपल्या लोकांना हा लव्हाळ्याचा मान बघून बरं वाटेल. आल्याच्या वड्यांचं सेरा नेल्सन यांचं दुकान चर्चच्या फाटकालगतच आहे, १८५४ पासूनची ही कृती. इमारत १६३० ची, आधी गावची शाळा होती. वडी खुसखुशीतही आणि चिवटही, आलं मात्र सणसणीत. दोन पुडे घेतले, एकही उदगीरपर्यंत पोचला नाही.

इतकं बघून मी बायकोला तळ्याकाठी बाकावर बसवलं आणि मुलीला घेऊन डोंगराच्या अंगाला निघालो. समोर हेल्म क्रॅग, ४०५ मीटर. त्याच्या माथ्यावरचे खडक खालून बघितले तर सिंह बसलाय आणि त्याच्यापुढं कोकरू, असं दिसतं. त्याला नावही तेच पडलंय.

मेंढ्या बघण्याआधी भिंती बघाव्या लागतात. डोंगर चढेपर्यंत दोन्ही अंगांना छातीएवढ्या दगडी भिंती, चुना नाही, सिमेंट नाही, माती नाही. एका ठिकाणी भिंत ढासळली होती आणि आतलं पोट उघडं पडलं होतं. मी खाली बसून नीट बघितलं. ती एक भिंत नव्हतीच. पाठीला पाठ लावून उभ्या दोन भिंती होत्या, वर जाताना एकमेकींकडं कललेल्या. मधल्या फटीत मुठीएवढ्या गोट्यांची घट्ट भर. साधारण कमरेच्या उंचीला लांब आडवे दगड, इकडून तिकडं आरपार गेलेले, दोन्ही अंगं बांधून धरणारे. सगळ्यात वर कडेला उभे लावलेले दगड, पगडीसारखे. पाणी आत शिरतं आणि निघून जातं, वारा फटींतून गाळून जातो, म्हणून भिंत उभी राहते. खाली जागोजाग चौकोनी भोकं ठेवलेली, मेंढरू जाईल पण गाय जाणार नाही एवढी. नको असेल तेव्हा त्यावर फरशी लोटतात. आपल्याकडं बालाघाटच्या उतारावर जुन्या लोकांनी घातलेल्या दगडी ताली आहेत, त्या घालणारे हात आता सापडत नाहीत. तिथं त्या भिंती डागडुजी करून राखल्यात. त्या ढासळलेल्या जागेशीही दगड निवडून, आकारानं लावून ठेवलेले होते.

शेवटच्या भिंतीत लाकडी फाटक होतं. त्याच्या खालच्या अंगाला बांधातली हिरवी शेतं, वरच्या अंगाला उघडा डोंगर. फाटकाशी एक म्हातारे शेतकरी उभे होते, हातात काठी, शेजारी काळंपांढरं कुत्रं. मी मुलीकरवी विचारलं, वर तर कुंपण नाही, मग यांच्या मेंढ्या दुसऱ्याच्या डोंगरावर जात नाहीत का?

ते म्हणाले, "त्यांना ठाऊक आहे."

हा या मुलखाचा गाभा आहे. कळपाचं डोंगरावरचं ठरलेलं रान असतं, त्याला ते हीफ म्हणतात. कोकरू पहिल्या उन्हाळ्यात आईच्या मागं चरतं आणि आईचं रान शिकतं. पुढं ते आपल्या कोकरांना शिकवतं. पाणी कुठं, वाऱ्याला आडोसा कुठं, आपली हद्द कुठं संपते, सगळं आईकडून लेकराला. डोंगर सामायिक, कुंपण नाही, आणि तरी कळप मिसळून जात नाहीत. आमची दख्खनी मेंढी याच्या उलट. ती चालणारी. तिला एक डोंगर ठाऊक नसतो, वाट ठाऊक असते. आजोबा सांगायचे, मांजरा ओलांडायची जागा मेंढक्याच्या आधी म्हातारी मेंढी ओळखते. तिथं जागा शिकवतात, इथं वाट शिकवतात, पण शिकवणारी आईच.

मी डॉक्टरांच्या हाताखालचा माणूस आहे एवढं कळल्यावर आमची बोलणी सुटली. खूरसड, जंत, पर्णकृमी म्हणजे यकृतातले चपटे किडे. ओल्या रानात गोगलगायी, आणि गोगलगायींमुळं पर्णकृमी. हे दुखणं दोन्हीकडं सारखंच. मे महिना असल्यानं कोकरं अवतीभवती होती. हर्डविकचं कोकरू जन्मतं काळंभोर, कानाच्या कडा तेवढ्या पांढऱ्या. वर्षाचं झालं की तपकिरी, मग वय वाढेल तसं करडं, आणि म्हातारपणी जवळजवळ पांढरं. मोठ्या मेंढीचं तोंड मात्र पांढरंफेक, पिठात बुडवून काढल्यासारखं. पाय जाड, हाडं मजबूत. बर्फाखाली गाडलं गेलं तरी कित्येक दिवस तग धरणारं जनावर.

मग मी २००१ चं विचारलं. त्या वर्षी ब्रिटनमध्ये लाळ्या-खुरकुतीची साथ आली होती आणि कुंब्रिया, म्हणजे हाच जिल्हा, सगळ्यात जास्त होरपळला. आमच्या खात्यात त्याचे फोटो आले होते, जनावरांच्या चितांचे. आपल्याकडं लाळ्या-खुरकूत आली की आपण लस टोचतो, तोंड धुतो, खुरं धुतो, जनावर बहुधा वाचतं. तिथल्या धोरणात बाधित आणि आसपासची जनावरं मारून टाकायची होती. सगळी मिळून ६० लाखांहून जास्त मारली. मी आयुष्यभर जो रोग हाताळला, त्यावर हा उपाय केला गेला, हे मला तेव्हाही सहन झालं नव्हतं. म्हातारे थोडा वेळ काठीनं माती उकरत राहिले. मग म्हणाले, मेंढ्या पैसे देऊन आणता येतात, पण विकत आणलेल्या मेंढीला डोंगर ठाऊक नसतो. तिला बसवायला माणूस वर्षानुवर्षं डोंगरावर उभा करावा लागतो.

म्हणूनच तिथं काही शेतांवर एक जुनी रीत आहे. कुळानं शेत सोडलं तरी कळप शेतासोबतच राहतो, जमिनीच्या मालकाचा म्हणून. नवं कूळ येतं ते त्याच मेंढ्यांवर. बीट्रिक्स पॉटर ही मुलांच्या गोष्टी लिहिणारी, चित्रं काढणारी बाई पलीकडच्या खोऱ्यात राहायची. ती स्वतः हर्डविकची नावाजलेली पैदासकार होती. १९४३ मध्ये वारली तेव्हा ४,००० एकरांहून जास्त जमीन आणि तिच्यावरची शेतं तिनं नॅशनल ट्रस्टला दिली, आणि या डोंगरांवर हर्डविकच राहाव्यात अशी इच्छा लिहून ठेवली. पुस्तकांच्या पैशातून मेंढ्यांची जागा राखून ठेवणारी बाई. हे ऐकून मी मनातल्या मनात हात जोडले.

खुणांचंही सांगतो. प्रत्येक कळपाची लोकरीवर रंगाची खूण आणि कानाला काप. कुणाची कुठली खूण, याचं छापील पुस्तक १८१७ पासून आहे. चुकलेली मेंढी सापडली की पुस्तक बघून मालकाकडं पोचवायची. आणि मोजणी. त्यांच्याकडं मेंढ्या मोजायची वेगळीच भाषा होती: यान, टॅन, टेथेरा, मेथेरा, पिंप. असं विसापर्यंत जायचं, एक खडा खिशात टाकायचा, पुन्हा यानपासून सुरू. मी त्यांना सांगितलं, माझे आजोबाही असंच मोजायचे: एक इसा, दोन इसा, दहा इसा म्हणजे दोनशे. ते हसले आणि म्हणाले, पुन्हा म्हणा. मी पुन्हा म्हटलं. त्यांनीही म्हणून बघितलं, "इसा".

परतताना मुलगी मला ग्रीनहेड घिल नावाच्या ओढ्याकडं घेऊन गेली. वर्डस्वर्थनं १८०० मध्ये याच ओढ्याकाठच्या एका म्हाताऱ्या मेंढपाळावर दीर्घ कविता लिहिली. म्हाताऱ्यानं मेंढरांसाठी दगडी वाडा बांधायला काढलेला. कर्ज फेडायला मुलगा शहरात निघाला, तेव्हा बाप त्याच्या हातानं पहिला दगड बसवून घेतो. मुलगा शहरात बिघडतो, परत येत नाही. बाप पुन्हा पुन्हा वाड्यापाशी जातो, पण वाडा काही पुरा होत नाही. मुलगी ओढ्याकाठच्या दगडांवर बसून हे मराठीत सांगत होती आणि सांगता सांगता मध्येच थांबली. मीही तिच्याकडं बघितलं नाही. आमच्या गावच्या अर्ध्या घरांची हीच गोष्ट आहे. पुणं तेवढं नाव बदलायचं.

सगळं तिथं गोड आहे असं नाही. युनेस्कोच्या मान्यतेच्या वेळी तिथल्याच काही निसर्गप्रेमींनी आक्षेप घेतला होता की मेंढ्यांनी डोंगर बोडके केले, झाडं वर येऊ दिली नाहीत. डोंगर उघडे आहेत हे खरं आहे, मी डोळ्यांनी बघितलं. पण हाच आरोप आमच्या मेंढक्यांवर वनखात्याकडून जन्मभर ऐकला असल्यानं मी जरा सावध असतो. कळपाचा आकार मोजा, चराईचा काळ ठरवा, झाडांना जागा सोडा. मेंढका हाकलून दिला की रान सांभाळणारा माणूसही जातो.

आणि लोकरीचं दुखणं तिथंही आहे. लोकर विकून कातरणीची मजुरीसुद्धा निघत नाही, असं त्या म्हाताऱ्यांनी सांगितलं. टोचते म्हणून कपड्याला नको, मग सतरंजी-गालिच्याला जाते नाहीतर पडून राहते. आमच्याकडं कातरलेली लोकर बांधावर टाकून दिलेली मी स्वतः पाहिली आहे. म्हणून दुकानात त्या लोकरीचं तयार ब्लँकेट दिसलं तेव्हा मी किमतीला कां-कू केलं नाही.

घेताना एक काळजी घ्या. मी गेलो त्या दुकानात एकाच मांडणीवर दिसायला सारखी दोन ब्लँकेटं होती. स्वस्त असलेल्यावर "लोकर" एवढंच लिहिलेलं होतं आणि खाली बारीक अक्षरात जुन्या कपड्यांपासून काढलेला धागा. महागड्यावर हर्डविक असं स्पष्ट होतं. हात फिरवून फरक कळतो: स्वस्तातलं गुळगुळीत लागतं, हर्डविकला चांगला करकरीत हात असतो. दुकानातल्या बाईंनी घाई केली नाही, दोन्ही उलगडून उजेडात नेऊ दिली. बांधून दिलं तेही साध्या कागदात, दोऱ्यानं.

आता उदगीरचा हिवाळा. आमचं घर पठारावर, रात्रीचा वारा बोचरा. डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात ते काढलं. पहिल्या रात्री आईच्या अंगावर घातलं. ८४ वर्षांची आहे. पाच मिनिटांत म्हणाली, "टोचायलंय की रं हे." मग हातानं चाचपलं, नाकाला लावलं आणि म्हणाली, "पण मेंढराचं हाय." खाली सुती चादर, वर हे, अशी जोडी लावल्यावर टोचणं थांबलं. त्या रात्रीपासून तिनं ते सोडलं नाही. उघड्या अंगावर घ्यायची ही वस्तू नाही, लहान लेकरांना तर नकोच.

ऊब चांगली आहे. वजनाच्या मानानं आमच्या वाकळीपेक्षा जास्त, आणि पहाटे अंग घामेजत नाही. पाण्याची परीक्षा घेतली: ओंजळभर पाणी टाकलं, थेंब मोत्यासारखे वर थांबले, झटकल्यावर खाली गेले. काही वेळानं मात्र मुरायला लागले. आपलं जुनं घोंगडं यात सरस आहे. त्याची वीण घट्ट, ताण्याला चिंचोक्याच्या खळीची पाजणी असते, पावसात खोळ करून घेतलं की शेळ्या-मेंढ्यांमागं माणूस दिवसभर फिरतो. ग्रासमिअरचं ब्लँकेट पांघरायचं, घोंगडं पावसात न्यायचं. पहिला महिनाभर केस गळतात, काळ्या पँटवर दिसतात. नंतर कमी झाले. दमट दिवशी मेंढराचा हलका वास येतो. मला तो आवडतो, सगळ्यांना आवडेल असं नाही.

एक नुकसान झालं. जानेवारीत त्यावर चहा सांडला म्हणून गावातल्या एका लॉन्ड्रीत दिलं. गार पाण्यात, हातानं, पिळायचं नाही, असं तीनदा सांगितलं होतं. त्यांनी गरम पाण्यात यंत्रात टाकलं. एक कोपरा वीतभर आटला आणि नमद्यासारखा जाड झाला. पैसे घेतले नाहीत, पण कोपरा गेला तो गेला. लोकर कुणाच्या हाती देऊ नका. घरीच परातीत गार पाणी, थोडा रिठा, आणि सावलीत आडवं वाळत घालायचं. दोरीवर टांगलं की ओल्या वजनानं लांबतं.

बारा हजारांना हे घ्यावं का? ज्याला मऊ पाहिजे त्यानं घेऊ नये. ज्याला वीस-पंचवीस वर्षं टिकणारी, बिनरंगाची, कुठल्या डोंगरावरची ते सांगता येईल अशी वस्तू पाहिजे, त्यानं नक्की घ्यावं. पण माळेगावला अस्सल घोंगडं मला यंदा अडीच हजारांना मिळालं, तेही आधी बघा.

आमच्या शेजारच्या गावात घोंगडी विणणारे एक सनगर आहेत, त्यांचा खड्डामाग अजून चालू आहे. आसपासच्या चार-पाच गावांतला तो शेवटचा. त्यांना दाखवायला मी ते ब्लँकेट घेऊन गेलो. दारात उभ्या उभ्या त्यांनी बोटाच्या पेरानं धागे मोजले, आटलेला कोपरा बघून हळहळले, उलटून सुलटून काठ बघितला. विचारलं, "पाजणी कशाची करतात तिथं?" मला सांगता आलं नाही. मग म्हणाले, असा राखाडी रंग काळ्या मेंढरात निघत नाही, पण वाड्यात एखाद-दुसरी करडी मेंढी असतेच, तिची लोकर वेगळी काढून ठेवायची, म्हातारी असेल तर आणखी बरं. चार किलो आणून द्या, संक्रांतीनंतर माग लावतो.

ब्लँकेट आठवडाभर त्यांच्याकडंच ठेवून आलो. तेव्हापासून ओळखीच्या तीन वाड्यांवर सांगून ठेवलंय की कातरणीत करडी लोकर काळ्यात मिसळू नका. पोतं माझ्या पलंगाखाली आहे, कडुनिंबाचा पाला घालून. काल वजन केलं, अडीच किलो झालीय.